शेजाऱ्यांचा कारभार

‘लोकल बोर्ड’ हे दोन शब्द आपल्या घरांतील वडीलधाऱ्या मंडळींच्या चांगल्या ओळखीचे आहेत. लोकल बोर्डाची शाळा, लोकल बोर्डाची सडक, लोकल बोर्डाचा दवाखाना, ही भाषा एके काळीं खेडोपाडीं चालत असे. आणि ‘बोर्डाचे मास्तर’ म्हटलें म्हणजे त्यांची टोपी, छत्री आणि थकलेला पगार हीं सर्व एकदम डोळ्यांपुढें उभीं राहत. १८८२ सालीं लॉर्ड रिपन यांनीं स्थानिक स्वराज्याचा ठराव प्रसिद्ध केला, १८८४ सालीं मुंबई इलाख्यांत लोकल बोर्डांचा कायदा झाला, आणि पाऊणशें वर्षांहून अधिक काळ चाललेलें हें नांव १ मे १९६२ रोजीं जिल्हा परिषदा अस्तित्वांत आल्यावर महाराष्ट्रांतून मावळलें.

आज तेंच नांव, आपल्या जुन्या बोर्डांशीं कसलेंहि नातें नसतां, दक्षिण गोलार्धांतील एका मोठ्या शहरांत नित्याच्या व्यवहारांत आहे. न्यूझीलंडमधील ऑकलंड शहरांत एकवीस लोकल बोर्डें आहेत. शेजारशेजारच्या उपनगरांचा एकेक गट करून त्याचा घरगुती कारभार तेथील रहिवाशांनीं निवडलेल्या मूठभर माणसांच्या हातीं द्यावयाचा, अशी ही योजना. तिची हकीकत आम्ही या महिन्यांत वाचकांपुढें ठेवीत आहों, ती परदेशची नवलाई म्हणून नव्हे. ज्या प्रश्नाचें उत्तर शोधण्याचा तेथें प्रयत्न झाला, तो प्रश्न आपल्याहि दारांत उभा आहे. शहर वाढत वाढत महानगर झालें, म्हणजे शेजारचा कारभार कोणीं पाहावयाचा?

ऑकलंड हें दोन बंदरांच्या मधल्या चिंचोळ्या भूमीवर वसलेलें शहर आहे. शांत झालेल्या ज्वालामुखींच्या टेकड्या त्यांत जागोजाग दिसतात. या टेकड्यांच्या आसपास वस्त्या वाढत गेल्या, तसतशा त्यांच्या लहान लहान नगरपालिकाहि निर्माण झाल्या. माऊंट रॉस्किल हें असेंच एक उपनगर. १९४७ सालीं त्याची स्वतंत्र नगरपालिका झाली, आणि कीथ हे नांवाचे गृहस्थ १९५३ पासून १९७४ पर्यंत तिचे महापौर होते. एकाच माणसानें एकवीस वर्षें एका उपनगराचा कारभार पाहिल्यावर कोणत्या गल्लींत पाणी तुंबतें, हें त्यास दुसऱ्या कोणीं सांगावें लागत नसावें. १९८९ सालीं त्या देशांतील स्थानिक संस्थांची फेररचना झाली. तींत ही आणि हिच्यासारख्या कित्येक नगरपालिका मोठ्या शहरांत विलीन झाल्या. तरीहि ऑकलंडच्या परिसरांत सात नगरसभा व त्यांच्या जोडीला एक प्रादेशिक मंडळ असे आठ कारभारी उरलेच. आठ कारभारी म्हटले म्हणजे आठ आराखडे, आठ अंदाजपत्रकें आणि दर वेळीं हद्दीचा वाद. आगगाडीचा मार्ग किंवा सांडपाण्याची व्यवस्था हद्द पाहून थांबत नाहीं. कारभारी मात्र थांबतात.

हा गुंता सोडविण्यासाठीं २००७ सालीं एक रॉयल कमिशन नेमण्यांत आलें. मार्च २००९ मध्यें त्यानें अहवाल दिला. सर्व महानगरास एकच नगरसभा असावी, आणि तिच्या खालीं सहा स्थानिक सभा असाव्यात, अशी त्याची शिफारस होती. सरकारनें पहिला भाग स्वीकारला, दुसरा नाकारला. सहा मोठ्या स्थानिक सभांच्या जागीं पुष्कळशीं लहान बोर्डें असावींत, असें ठरलें. रॉडनी हाइड हे त्या वेळीं स्थानिक स्वराज्य खात्याचे मंत्री होते. त्याप्रमाणें २००९ सालीं कायदा झाला आणि १ नोव्हेंबर २०१० पासून नवा कारभार सुरू झाला. लोकांनीं या नव्या रचनेस ‘सुपर सिटी’ असें नांव दिलें.

या निर्णयांतील मर्म वाचकांनीं लक्षांत घ्यावें. सहा सभा असत्या तर प्रत्येकीच्या अंगीं वजन असतें, परंतु ती रहिवाशांपासून दूर राहिली असती. एकवीस बोर्डें झालीं. तीं रहिवाशांच्या जवळ आलीं, पण त्यांचें वजन उतरलें. सरकारनें जवळीक दिली आणि बळ आंखडतें घेतलें. पुढील पंधरा वर्षांतील बऱ्याचशा तक्रारींचें मूळ आमच्या मतें या एका वाक्यांत आहे.

२०२३ च्या खानेसुमारीप्रमाणें ऑकलंडची लोकसंख्या सुमारे १६ लाख ५६ हजार आहे. मध्यवर्ती सभेंत महापौर आणि २० नगरसेवक बसतात. म्हणजे सरासरीनें ८३ हजार माणसांमागें एक नगरसेवक पडतो. इतक्या लोकांस तो चेहऱ्यानें ओळखील, अशी अपेक्षाच करूं नये. एकवीस बोर्डांचे सभासद मिळून सुमारे दीडशें आहेत. येथें प्रमाण अकरा हजारांमागें एक, असें येतें. सर्वांत लहान बोर्ड ग्रेट बॅरियर बेटाचें. त्या बेटाची वस्ती हजाराच्या आसपास, आणि बोर्डाचे सभासद पांच. तेथें सभासद दुकानांत दूध आणावयास गेला तरी मतदार त्यास गांठणारच.

कायद्यानें बोर्ड ही मध्यवर्ती सभेची पोटसमिती मानलेली नाहीं. जो निर्णय सर्व शहरास सारखा लागू असला पाहिजे, किंवा ज्याचा परिणाम एका बोर्डाच्या हद्दीबाहेर पोंचतो, तो मध्यवर्ती सभेनें घ्यावा; बाकीचा बोर्डानें घ्यावा, अशी ही वांटणी आहे. दर तीन वर्षांनीं बोर्ड आपल्या भागाची योजना तयार करतें, आणि दरसाल मध्यवर्ती सभेशीं करार करून त्या वर्षाचीं कामें व पैसा ठरवून घेतें.

पुकेटापापा बोर्डाचें उदाहरण घेऊं. पुकेटापापा हें माऊंट रॉस्किल टेकडीचें माओरी नांव. माऊंट रॉस्किल, हिल्सबरो, लिनफील्ड, थ्री किंग्ज इत्यादि उपनगरें या बोर्डाकडे येतात. थ्री किंग्ज हें नांव तेथील तीन प्रमुख शिखरांवरून पडलें. खाणींनीं दगड खणून नेतां नेतां त्यांतील ‘बिग किंग’ हें एकच शिखर आज उभें राहिलें आहे. वस्ती पन्नास हजारांहून अधिक. तींत आशियांतून गेलेल्या कुटुंबांचा भरणा मोठा, आणि भारतीय घरें पुष्कळ. बोर्डाचे सभासद सहा. ते आपल्यांतूनच एकास अध्यक्ष निवडतात.

हीं माणसें काय ठरवितात? उद्यानांत मुलांसाठीं कोणते खेळ उभारावयाचे, ग्रंथालयाच्या सेवेंत काय असावें, सार्वजनिक दिवाणखान्याची डागडुजी यंदां करावी कीं पुढील सालीं, कोणत्या क्रीडामंडळास किती मदत द्यावी, नव्या रस्त्यास नांव कोणतें द्यावें, कोणत्या सार्वजनिक जागीं मद्यपानास बंदी असावी, असे हे विषय आहेत. वर्तमानपत्राच्या पहिल्या पानावर यांतील एकहि येणार नाहीं. परंतु ज्या घरांत दोन लहान मुलें आणि एक म्हातारी आजी आहे, त्या घराचा दिवस याच गोष्टींनीं सुखाचा किंवा त्रासाचा होतो. उद्यानांतलें बांक सावलींत आहे कीं उन्हांत, यावर आजीचें फिरणें अवलंबून असतें. राष्ट्रीय धोरणावर नव्हे. बोर्डाची बैठक खुली असते. सामान्य रहिवाशास तेथें उभें राहून आपलें म्हणणें मांडण्यास कांहीं मिनिटें मिळतात, आणि समोर बसलेला सभासद त्याच रस्त्यानें घरीं जाणारा असतो.

आतां एक गोष्ट थोडी विस्तारानें सांगण्याजोगी आहे. शहराच्या दक्षिणेस पूर्वीं मानुकाऊ नांवाची वेगळी नगरसभा होती. तिच्या हद्दींतील पोहण्याच्या तलावांवर कोणासहि प्रवेशशुल्क नसे. वस्ती कष्टकऱ्यांची, पॅसिफिक बेटांवरून आलेल्या कुटुंबांची. तलाव हें तेथें चैनीचें स्थान नव्हतें, चार घरांनीं एकत्र येण्याचें ठिकाण होतें. एकीकरण झाल्यावर सर्व शहरास एकच नियम लावण्याची वेळ आली. २०१३ सालीं असें ठरलें कीं सोळा वर्षांपर्यंतच्या मुलांस सगळीकडे प्रवेश मोफत, आणि मोठ्यांनीं पैसे द्यावेत. नियम कागदावर न्यायाचा दिसतो. उत्तरेकडील भागांतील मुलांस त्यामुळें नवी सवलत मिळालीहि. परंतु दक्षिणेकडील आईच्या दृष्टीनें तो कसा होता? मुलास दार मोकळें, आणि त्याच्यावर लक्ष ठेवण्यास आलेल्या आईला दाराशीं अडवून पैसे मागावयाचे! ज्या घरीं हातातोंडाची गांठ कशीबशी पडते, तेथें अशा वेळीं आई घरीं राहते, आणि तिच्याबरोबर लहान मूलहि घरींच राहतें.

मांगेरे-ओटाहुहू आणि ओटारा-पापाटोएटोए या दोन बोर्डांनीं या बाबतींत जो मार्ग काढला, तो आम्हांस मोठा शहाणपणाचा वाटतो. त्यांनीं मध्यवर्ती सभेस असें सुचविलें कीं, आमच्या हद्दींतील घरांवर एक लहानशी जादा पट्टी बसवा, आणि तिच्या उत्पन्नांतून आमच्या तलावांवर मोठ्यांचाहि प्रवेश मोफत ठेवा. त्याप्रमाणें झालें. शहरांतील अगदीं कमी मिळकतीच्या वस्त्यांपैकीं या वस्त्या. त्यांच्या प्रतिनिधींनीं दुसऱ्यापुढें हात न पसरतां, आपल्याच खिशांतून पैसा काढून आपली जुनी रीत राखिली. शंभर मैलांवरच्या अधिकाऱ्यास, किंवा त्याच शहराच्या दुसऱ्या टोकास राहणाऱ्या सुखवस्तु नगरसेवकास हा उपाय सुचला नसता, असें आम्ही म्हणत नाहीं. पण सुचला असता तरी तो सांगण्याचा त्याला अधिकार नव्हता. जादा पट्टी द्या, असें शेजाऱ्यानेंच शेजाऱ्यास सांगावें. तरच तें ऐकून घेतलें जातें.

परंतु याच गोष्टींत बोर्डांचें दुबळेपणहि उघडें पडतें. पट्टी बोर्डानें सुचविली. बसविली मध्यवर्ती सभेनें. कारण बोर्डास स्वतः घरपट्टी बसवितां येत नाहीं. त्यास मालमत्ता धारण करतां येत नाहीं, नोकर नेमतां येत नाहीं किंवा काढतां येत नाहीं. रस्ते आणि बसगाड्या ‘ऑकलंड ट्रान्सपोर्ट’ या स्वतंत्र मंडळाकडे सोंपविल्या गेल्या. त्यामुळें शाळेसमोर मुलांनीं रस्ता कोठें ओलांडावा, यासारख्या अगदीं शेजारच्या गोष्टींतहि बोर्डास अर्ज-विनंत्याच कराव्या लागल्या. ज्या सुनेकडे स्वयंपाकघर सोंपविलें आहे, पण कोठीची किल्ली सासूबाईंच्या कमरेला आहे, तिची जी स्थिति, तीच या बोर्डांची. पाहुण्यांच्या तक्रारी सुनेनें ऐकावयाच्या, आणि तूप किती काढावयाचें हें मात्र सासूबाईंनीं ठरवावयाचें! डिसेंबर २०२४ मध्यें सरकारनें वाहतुकीचें धोरण ठरविण्याचा अधिकार त्या मंडळाकडून काढून पुन्हां नगरसभेस देण्याचा बेत जाहीर केला, तो या असंतोषाचीच साक्ष होय.

किल्ली दुसऱ्याच्या कमरेला असली म्हणजे काय होतें, हें २०२३ सालीं दिसून आलें. त्या वर्षाच्या जानेवारींत ऑकलंडमध्यें मोठा पूर येऊन गेला होता, आणि अंदाजपत्रकांतहि मोठें खिंडार पडलें होतें. महापौर वेन ब्राउन यांनीं काटकसरीचे जे प्रस्ताव मांडले, त्यांत बोर्डांच्या चालू खर्चाच्या पैशांतून १ कोटि ६० लाख डॉलर कमी करण्याचा प्रस्ताव होता. लोकांनीं चाळीस हजारांहून अधिक लेखी अभिप्राय पाठविले. ग्रंथालयें, बालवर्ग, वस्तीवरचीं लहान मंडळें यांच्यासाठीं माणसें पुढें आलीं, आणि अखेर जूनमध्यें मंजूर झालेल्या अंदाजपत्रकांत ही कपात पुष्कळ खालीं आणावी लागली. पैसा वांचला तो बोर्डाच्या अधिकारामुळें नव्हे. रहिवाशांच्या आवाजामुळें वांचला. पण तो आवाज उठण्यास बोर्ड ही जागा होती, हेंहि विसरून चालणार नाहीं.

कांहीं भागांस तर वेगळें निघण्याचीच इच्छा झाली. वायहेके बेटावरील आणि उत्तर रॉडनीमधील कांहीं रहिवाशांनीं स्वतंत्र नगरसभा मागितली. २०१७ सालीं स्थानिक स्वराज्य आयोगानें ती मागणी मान्य केली नाहीं. मात्र त्याच वर्षीं वायहेके बोर्डास अधिक अधिकार देऊन पाहण्याचा तीन वर्षांचा प्रयोग नगरसभेनें सुरू केला. आमच्या मतें वेगळें चूल मांडण्याच्या गोष्टीवर हेंच योग्य औषध आहे. घर फुटतें तें बहुधा खोल्या कमी पडल्यामुळें नव्हे, तर विचारलें जात नाहीं म्हणून.

येथपर्यंत आम्हीं कायद्याचे आणि सत्ताधाऱ्यांचे दोष सांगितले. रहिवाशांचा दोष झांकून ठेवणें बरें नव्हे. बोर्डांची निवडणूक दर तीन वर्षांनीं होते, आणि तिच्यासाठीं मतदानाच्या ठिकाणीं रांगेंत उभें राहावें लागत नाहीं. मतपत्रिका टपालानें घरीं येते. सोबत उमेदवारांची माहिती छापलेली असते. भरून परत पाठविण्यास आठवड्यांमागून आठवडे मिळतात. इतकी सोय असूनहि २०१० सालीं निम्म्याहून किंचित् अधिक मतदारांनीं मत दिलें. पुढें हें प्रमाण पस्तिशीच्या आसपास घसरलें. आणि ऑक्टोबर २०२५ च्या निवडणुकींत तें शेंकडा तिसांच्याहि आंत गेलें. ज्या देशानें १८९३ सालीं संसदेच्या निवडणुकींत स्त्रियांस मत देऊन जगास वाट दाखविली, त्या देशांतील सर्वांत मोठ्या शहराची ही अवस्था! बोर्डाच्या हातीं सत्ता नाहीं म्हणून लोक मत देत नाहींत, आणि लोक मत देत नाहींत म्हणून बोर्डास सत्ता देण्याची कोणास निकड वाटत नाहीं. हें चक्र कोणीं तरी तोडलें पाहिजे, आणि तें तोडण्याचें साधन लिफाफ्यांतून मतदाराच्या घरांत येऊन पडलेलें असतें.

आपल्या इकडची स्थिति काय आहे? पुणें महापालिकेच्या हद्दींत २०१७ सालीं ११ आणि २०२१ च्या जूनअखेर २३ गांवें घेण्यांत आलीं. गांवें आलीं त्याबरोबर त्यांच्या ग्रामपंचायती संपल्या. मार्च २०२२ मध्यें महापालिकेची मुदतहि संपली, आणि जानेवारी २०२६ च्या निवडणुकीपर्यंत प्रशासकानें एकट्यानें कारभार पाहिला. म्हणजे २०२१ सालीं आलेल्या गांवांतील रहिवाशांनीं आपला सरपंच गमावला, आणि त्याच्या जागीं नगरसेवक मिळण्यास त्यांना साडेचार वर्षें वाट पाहावी लागली. नळाला पाणी नाहीं, हें कोणाला सांगावयाचें, तेंच त्यांस ठाऊक नव्हतें. ऑकलंडमध्यें जुन्या नगरसभा ज्या कायद्यानें मोडल्या, त्याच रचनेंत लहान बोर्डें उभीं केलीं. मोडणें आणि बांधणें यांत एका दिवसाचेंहि अंतर पडलें नाहीं. बोर्डें दुबळीं आहेत खरीं. परंतु ओसाड घरापेक्षां किल्ली नसलेलें घर बरें. आपल्या राज्यघटनेंत १९९२ च्या चौऱ्याहत्तराव्या दुरुस्तीनें तीन लाख व त्याहून अधिक वस्तीच्या शहरांसाठीं प्रभाग समित्यांची तरतूद झालेली आहे. आपल्याकडे त्या समित्यांवर मुख्यतः नगरसेवक बसतात. उपनगरानें केवळ आपल्या शेजाराच्या कामासाठीं निवडलेलीं माणसें त्यांवर नसतात. हद्दवाढीचा पुढचा ठराव येईल तेव्हां, ‘आमची ग्रामपंचायत जाते, तिच्या जागीं उद्यां सकाळीं कोण?’ हा एक प्रश्न जरी रहिवाशांनीं विचारला, तरी पुष्कळ काम होईल.

शेवटीं दोन शब्द घरगुती. आमच्या वाचकांपैकीं कित्येकांचीं मुलें-सुना, लेकी-जांवई आज न्यूझीलंडमध्यें स्थायिक आहेत. त्यांच्यापैकीं पुष्कळांचा असा समज असतो कीं, नागरिकत्व घेतल्यावांचून तेथें मत नाहीं. वस्तुस्थिति तशी नाहीं. ज्यांस त्या देशांत कायम राहण्याची परवानगी मिळाली आहे आणि जे एकदां तरी सलग बारा महिने तेथें राहिले आहेत, अशा अठरा वर्षांवरील माणसांस मतदारयादींत नांव नोंदवून मत देतां येतें. उमेदवार म्हणून उभें राहावयाचें तर मात्र नागरिकत्व लागतें. शिक्षणासाठीं किंवा मुदतीच्या नोकरीच्या परवान्यावर गेलेल्यांस हा अधिकार नाहीं.

तेव्हां मुलाशीं बोलतांना नातवाचे दांत आणि तिकडची थंडी यांची चौकशी झाली, कीं आणखी एक चौकशी करावी: तुमच्या बोर्डाचे सभासद कोण आहेत, आणि गेल्या खेपेची मतपत्रिका तुम्हीं भरून पाठविली होती काय? माणूस जेथें राहतो तेथला रहिवासी होतो. आणि रहिवाशाचें पहिलें कर्तव्य शेजाराकडे लक्ष देणें हें होय. त्याच दिवशीं, फोन ठेवल्यावर, आपल्याहि प्रभागाच्या नगरसेवकाचें नांव आपणांस सांगतां येतें कीं नाहीं, हें प्रत्येक वाचकानें स्वतःशीं तपासून पाहावें. येत नसेल तर शेजारच्या घरीं विचारावें. कारभाराचा आरंभ तेथूनच होतो.